आदेशात कारण हवे



वेळ थोडा आहे, म्हणून एकाच प्रश्नावर बोलतो. सरकारने दिलेले कंत्राट मुदतीआधी रद्द केले, तर न्यायालयाने काय तपासायचे?

‘हा कराराचा वाद आहे, दिवाणी दावा लावा किंवा लवादाकडे जा,’ हे उत्तर आपण सगळ्या वकिलांनी ऐकले आहे. सर्वोच्च न्यायालयाच्या 1977 च्या राधाकृष्ण अगरवाल निकालाचा त्याला आधार आहे आणि ते सरसकट चुकीचेही नाही. मोजमापे, बिले, कामाचा दर्जा हे वाद साक्षीपुराव्याशिवाय सुटत नाहीत. ते रिट याचिकेत आणू नयेत, असेच माझे मत आहे. पण करारावर सही केली म्हणून समानतेची हमी देणाऱ्या संविधानाच्या अनुच्छेद 14 मधून सरकारची सुटका होत नाही. मुंबई विमानतळावरील उपाहारगृहाच्या निविदेवरून 1979 मध्ये रमणा शेट्टी निकाल आला आणि कंत्राट देताना मनमानी चालणार नाही हे ठरले. उत्तर प्रदेशात एका परिपत्रकाने सगळ्या जिल्हा सरकारी वकिलांच्या नेमणुका संपवल्या गेल्या, तेव्हा 1990 च्या श्रीलेखा विद्यार्थी निकालाने हेच तत्त्व करार संपवण्यालाही लावले.

मला मात्र त्याहून जुन्या, आपल्या मुंबईच्याच एका प्रकरणाकडे लक्ष वेधायचे आहे. अंधेरीत चित्रपटगृह बांधायला गोरधनदास भानजी यांना 1947 मध्ये पोलीस आयुक्तांनी परवानगी दिली. दोनच महिन्यांनी, सरकारच्या निर्देशानुसार ती रद्द करत असल्याचे त्यांनी कळवले. हा परवान्याचा वाद होता, कंत्राटाचा नव्हे. पण 1951 मध्ये सर्वोच्च न्यायालयाचे न्या. व्हिव्हियन बोस यांनी जे सांगितले ते इथेही तितकेच लागू आहे. ज्या अधिकाऱ्याला कायद्याने अधिकार दिला, त्यानेच स्वतःच्या बुद्धीने निर्णय घ्यायचा. आणि आदेशाचा अर्थ आदेशाच्या शब्दांवरून लावायचा, नंतर दिलेल्या खुलाशांवरून नाही.

2024 मध्ये कोलकात्याच्या दोन भुयारी मार्गांच्या देखभालीचे कंत्राट रद्द झाल्याचा वाद सर्वोच्च न्यायालयात पोहोचला. तिथेही मंत्र्यांच्या सांगण्यावरून अधिकाऱ्यांनी निर्णय फिरवल्याचे दिसले आणि न्यायालयाने रद्दीकरणच रद्द केले. सत्तर वर्षांनंतरही तोच दोष!

या दोषाची किंमत कोण मोजतो, तेही पाहा. अनामत जप्त होते, बँक गॅरंटी वटवली जाते, मजुरांची देणी अडकतात. पुढच्या निविदेच्या अर्जात ‘यापूर्वी कंत्राट रद्द झाले आहे का’ हा रकाना असतोच. लवादाचा निवाडा येईपर्यंत छोटा ठेकेदार धंद्यातून उठलेला असतो. नुकसानभरपाई मिळेल हे उत्तर त्याला पुरत नाही. इकडे अर्धवट रस्त्यावरून गावाला ये-जा करावी लागते आणि नव्या निविदेचा दर वाढलेला असतो.

पायाभूत प्रकल्पांना विलंब होईल असा मनाई हुकूम देऊ नये, असे 2018 च्या दुरुस्तीने विनिर्दिष्ट अनुतोष कायद्यात आले. त्यामागचा हेतू मला मान्य आहे. पण त्याने मनमानी रद्दीकरणाला संरक्षण मिळते, हा युक्तिवाद मला मान्य नाही. काम खरोखर निकृष्ट असेल, तर नोटीस देऊन, उत्तर वाचून, कारणे लिहून कंत्राट जरूर रद्द करावे. असा आदेश न्यायालयात टिकतो आणि काम लवकर दुसऱ्याच्या हाती जाते.

म्हणून माझी विनंती ठेकेदारांच्या वकिलांपेक्षा सरकारी वकिलांना अधिक आहे. आदेशात नसलेले कारण प्रतिज्ञापत्रात घालायला कुणी सांगितले, तर नकार द्या. आणि सही होण्याआधी नस्ती तुमच्याकडे आली व तिच्यात ठेकेदाराच्या उत्तराचा विचारच झालेला नसेल, तर आदेश काढू नये असा सल्ला लेखी द्या.