गाण्याची थकबाकी
(वाशीम येथील कार्यकर्त्यांच्या बैठकीत केलेले भाषण)



रणवाद्य वाजू लागले की अंगात वीरश्री संचारते, हे मी नाकारीत नाही. भीती माणसाला एकट्याला गाठते. पलटणीचा बँड पावलाशी पाऊल जुळवून तो एकटेपणा घालवितो. मात्र संचलन पाहणाऱ्यांच्या सहसा ध्यानी येत नाही ती गोष्ट अशी की, युद्ध पेटले म्हणजे पायदळातील बँडवाल्यांनी वाद्ये बाजूला ठेवून जखमींची स्ट्रेचरे वाहावीत, ही जुनी परंपरा आहे. मला तो वादक त्या वेळी अधिक मोठा वाटतो.

नागरिकांच्या गीतांचे काय? १९६२ च्या चीनयुद्धातील पराभवानंतर, २७ जानेवारी १९६३ रोजी, लता मंगेशकरांनी दिल्लीत पंडित नेहरूंसमोर ‘ऐ मेरे वतन के लोगों’ गायिले. शब्द कवी प्रदीपांचे, चाल पुणतांब्यात जन्मलेल्या सी. रामचंद्रांची. खचलेल्या देशाला या गीताने धीर दिला, तोही जयघोष न करता, मेलेल्यांची आठवण देऊन. प्रदीपांनी आपले स्वामित्वधन युद्धविधवांच्या निधीला देऊ केले. पुढे चाळीस वर्षे गावोगावच्या ध्वनिक्षेपकांवरून हे गीत वाजत राहिले. आणि २००५ साली, थकलेले दहा लाख रुपये या निधीत भरा, असा आदेश मुंबई उच्च न्यायालयाला ध्वनिमुद्रिका कंपनीस द्यावा लागला! डोळे देशाचे पाणावले. पैसे मात्र विधवांचे अडले.

२०२२ मध्ये दिल्लीच्या ‘बीटिंग रिट्रीट’मधून गांधीजींना प्रिय असलेले ‘अबाइड विथ मी’ वगळले गेले आणि याच गीताची धून वाजविण्यात आली. वाद रंगला तो धून देशी की परदेशी यावर. मला त्याहून ती थकबाकी अधिक बोचते.

आपल्या जिल्ह्याचेच पाहा. १ जुलै १९९८ रोजी वाशीम वेगळा होईपर्यंत मानोऱ्याच्या वा रिसोडच्या बाईला जिल्हा कचेरीतल्या कामासाठी अकोला गाठावे लागे. आता अंतर घटले. कागदांची चळत तेवढीच आहे. कोरडवाहू शेतकऱ्याचा मुलगा सीमेवर उभा असतो तेव्हा त्याचे मनोधैर्य बँडइतकेच घरच्या खुशालीवर टिकते.

म्हणून २६ जानेवारीला देशभक्तिपर गीतांचा कार्यक्रम अवश्य करा. त्याच मंडपात एक टेबल मांडा, सैनिकांच्या घरच्यांचे निवृत्तिवेतनाचे, वारसनोंदीचे अर्ज लिहून द्या, आणि तलाठ्याकडे त्यांच्यासोबत कोण जाणार, त्या कार्यकर्त्याचे नाव आजच ठरवा.