काळावर ताबा कुणाचा?

मी तोफखान्यातला माणूस. सैन्यातून निवृत्त होऊन आता काही वर्षं झाली. आज मात्र लढाईच्या गोष्टी सांगायला आलेलो नाही. हल्ली मोबाईलवर एक मजकूर सारखा फिरत असतो. प्राचीन काळी म्हणे असं एक युग होतं, की त्या वेळची माणसं काळ थांबवू शकत, मागेपुढे नेऊ शकत. पुढे ती विद्या लुप्त झाली. मुलं विचारतात, "सर, हे खरं आहे का?" त्यांना जे सांगतो, तेच आज तुम्हाला सांगतो.

अशा मजकुरात बहुधा भागवताच्या नवव्या स्कंधातली ककुद्मी राजाची गोष्ट घातलेली असते. राजा आपल्या रेवतीला घेऊन ब्रह्मदेवाकडे गेला. मुलीसाठी स्थळ विचारायचं होतं. तिथे गायन चाललं होतं, म्हणून तो क्षणभर थांबला. गायन संपल्यावर त्याने विचारलं, तर ब्रह्मदेव हसले. एवढ्या वेळात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगं उलटून गेली होती. मनात धरलेले वर तर सोडाच, त्यांच्या नातवंडांची नावंसुद्धा उरली नव्हती. शेवटी रेवती बलरामाला दिली.

गोष्ट अप्रतिम आहे. पण नीट ऐका, यात राजाने काळावर ताबा मिळवलेला नाही. काळानेच राजाचं सगळं नेलं आहे. सांगणाऱ्याला काळापुढे राजाही किती लहान, हे सांगायचं होतं. त्या गोष्टीला यंत्राचा पुरावा समजणं, हा गोष्टीवरच अन्याय आहे.

मग आपल्या पूर्वजांकडे काय होतं? मोजमाप होतं, आणि ते मोठं काम होतं. तांब्याची वाटी, तिच्या बुडाला बारीक भोक. पाण्यावर सोडली की हळूहळू भरते आणि चोवीस मिनिटांनी बुडते. ती एक घटका. अशा साठ घटकांचा एक दिवस. लग्नात 'घटका भरली' आपण म्हणतो, ते इथूनच आलं. पण त्या वाटीजवळ कुणीतरी जागं बसावं लागे. वाटी बुडाली की टोला द्यायचा, ती रिकामी करून पुन्हा सोडायची, रात्रभर. आमच्या भाषेत ही संत्री ड्युटी. जयपूरला सवाई जयसिंगाचं सम्राट यंत्र आहे, सुमारे २७ मीटर उंच. त्याची सावली सेकंदाला साधारण एक मिलिमीटर सरकते. दगडचुन्यात एवढी अचूकता आणली, याचा अभिमान खुशाल बाळगा. तो खरा आहे.

दुसरी गोष्ट. काळ वाकवता येत नाही, पण काळाची मोजणी आपल्या हुकमाने चालवता येते. राज्यकर्त्यांनी हे ओळखलं होतं. १६७४ मध्ये रायगडावर शिवाजी महाराजांनी राज्याभिषेक शक सुरू केला, म्हणून आपण त्यांना शककर्ते म्हणतो. आजपासून वर्षं आमच्या सिंहासनापासून मोजली जातील, ही ती घोषणा होती. इंग्रजांनी १९०६ पासून देशाला एकच प्रमाणवेळ लावली, तर मुंबई ऐकेना. मुंबईची स्वतःची वेळ ३९ मिनिटं मागे होती आणि शहरात ती १९५५ पर्यंत टिकून राहिली. ३९ मिनिटांसाठी एक शहर जवळजवळ पन्नास वर्षं अडून बसलं, कारण प्रश्न घड्याळाचा नव्हता, हुकूम कुणाचा मानायचा याचा होता.

तुम्ही इंदूर, भोपाळ किंवा दिल्लीला राहत असाल, तर हे घरातही अनुभवता. महाशिवरात्र आपल्या पंचांगात माघ वद्य चतुर्दशी, शेजाऱ्यांच्या पंचांगात फाल्गुन कृष्ण चतुर्दशी. रात्र तीच, चंद्र तोच. मोजायची रीत वेगळी.

आता माझ्या धंद्याकडे येतो. हल्ल्याच्या आधी सगळ्यांची घड्याळं मिळवतात. पायदळ पुढे सरकत असतं आणि त्यांच्यापुढे आमचे गोळे पडत असतात. ठरलेल्या सेकंदाला मारा पुढे सरकायचा. घड्याळ अर्धा मिनिट चुकलं, तर गोळा आपल्याच जवानांवर पडेल. म्हणून काळाबद्दल कुणी भोंगळ बोललं, की मला राहवत नाही.

आणि आज तर सगळंच घड्याळावर आहे. उपग्रह तुमची जागा सांगतो म्हणजे मुळात वेळ सांगतो. संदेश निघाला कधी, पोचला कधी, यावरून अंतर काढतात. एका मायक्रोसेकंदाची चूक म्हणजे ३०० मीटरची चूक. गंमत अशी, की काळ खरोखरच सगळीकडे सारखा चालत नाही. जीपीएसच्या उपग्रहातलं घड्याळ वेगामुळे दिवसाला सुमारे ७ मायक्रोसेकंद मागे पडतं आणि उंचीवर गुरुत्वाकर्षण कमी असल्याने ४५ मायक्रोसेकंद पुढे जातं. म्हणजे एकूण ३८ ने पुढे. दुरुस्ती केली नाही, तर एका दिवसात अकरा किलोमीटरचा घोटाळा होईल. म्हणून ते घड्याळ जमिनीवर असतानाच मुद्दाम किंचित हळू लावून पाठवतात. ककुद्मीच्या गोष्टीतली कल्पना आज तुमच्या खिशात रोज हिशेबात धरली जाते, पण ती आइनस्टाइनच्या गणिताने आणि इंजिनियरांच्या कष्टाने.

आपली नाविक यंत्रणा उभी राहिली, तेव्हा तिच्या पहिल्या उपग्रहांतली अणुघड्याळं परदेशातून घेतलेली होती. पहिल्याच उपग्रहातली तिन्ही बंद पडली. उपग्रह वर धडधाकट, पण जागा सांगायच्या कामाला निरुपयोगी. मग अहमदाबादच्या इस्रोच्या केंद्रात रुबिडियम घड्याळ तयार झालं आणि २९ मे २०२३ ला एनव्हीएस-०१ बरोबर ते पहिल्यांदा अंतराळात गेलं. त्या दिवशी फटाके वाजले नाहीत. माझ्या मते वाजायला हवे होते. दुसऱ्याच्या घड्याळावर ज्याच्या तोफा चालतात, त्याची लढाई पूर्णपणे त्याची नसते.

म्हणून मुलांना एवढंच सांगतो. लुप्त झालेल्या युगाचा मजकूर पुढे ढकलायला दोन सेकंद लागतात. तसं घड्याळ बनवायला वर्षं लागतात. वाटीजवळ रात्रभर जागणारा तो माणूस आपला खरा पूर्वज आहे. त्याची ड्युटी अजून संपलेली नाही, आता पाळी आपली आहे.

जय हिंद.