पन्हळ आणि पारवे



यंदा पाडव्याला गुढी उभारायला शिडीवर चढले, तर पन्हळीच्या मागे भिंतीच्या माथ्यावर दोन पांढरी अंडी. घरटं म्हणजे काय, तर खराट्याच्या दहा-बारा काड्या आणि तारेचा एक तुकडा. पारव्याची मादी जरा बाजूला सरकली, पण उडाली नाही. मानेची पिसं फुगवून माझ्याकडे बघत राहिली.

आमचं घर कौलारू, पुढच्या अंगाला पत्र्याची पन्हळ. गेल्या पावसाळ्यात काड्या, पिसं आणि विष्ठेचा गोळा नेमका पन्हळीच्या तोंडाशी अडकला. पाणी काठावरून भिंतीत मुरलं आणि माजघरातली ओल दिवाळीपर्यंत वाळली नाही. पत्र्यावरचा जस्ताचा मुलामाही विष्ठेखाली खाल्ला गेला होता. यंदा पन्हळीवर पारवे बसू द्यायचे नाहीत, असं तेव्हाच ठरवलं होतं.

पारवा मूळचा कड्याकपारींतला. आपल्या किल्ल्यांच्या बुरुजांत, लेण्यांच्या खाचांत तो अजूनही राहतो. झाडाच्या फांदीपेक्षा त्याला सपाट कडा आवडते, आणि पन्हळीचा काठ, वर वळचणीची सावली, म्हणजे त्याच्या लेखी कडाच. म्हणून जुन्या सीड्या टांगा, चकचकीत पट्ट्या लावा, प्लॅस्टिकचं घुबड आणून बसवा, चार दिवस तो लांब राहतो. घुबड जागचं हलत नाही हे कळलं, की शेजारी येऊन बसतो. पाऊल ठरायला जागा उरली नाही, तरच तो दुसरीकडे जातो.

त्यासाठी मला सगळ्यात पटलेला उपाय तारेचा. पन्हळीच्या काठावर चार-पाच फुटांवर बारीक खुंट्या बसवायच्या आणि काठापासून दोनेक इंच उंच न गंजणारी तार ताणायची. तारेच्या एका टोकाला छोटी स्प्रिंग हवीच. पारवा उतरायला येतो, तार पायाखाली डुगडुगते, तोल सावरत नाही आणि तो परत उडतो. कुठे लागत नाही, खुपत नाही. तारेऐवजी नायलॉनचा दोरा किंवा मांजा मात्र कधीही वापरू नका. त्यात पाय गुरफटून पाखरं लटकून मरतात. चिकट मलमाचंही तेच. लहान पाखराची पिसं त्यात चिकटली, की ते संपलंच. काठ रुंद असेल तर त्यावर पंचेचाळीस अंशांत उतरता पत्रा मारून घ्यावा, उतारावर त्याचे पाय घसरतात. भिंत आणि पन्हळ यांमधली फट जाळीने बंद करावी. जाळी ताणलेली हवी, सैल जाळीत पक्षी अडकतो.

कावळ्याची गोष्ट वेगळी. तो पन्हळीवर येतो साचलेल्या पाण्यासाठी. भाकरीचा वाळका तुकडा त्यात भिजवतो आणि अर्धा तिथेच टाकून जातो. दहा फुटांना अर्धा इंच तरी ढाळ असला, तर पाणी साचत नाही. पाचोळा वेळच्या वेळी काढला, की कावळ्याचं तिथलं काम संपतं. अंगणात पाण्याचं पसरट भांडं ठेवा, तो तिकडे जाईल.

साफसफाईबद्दल कळकळीने सांगते. वाळलेली विष्ठा खराट्याने झाडू नका. तिची धूळ श्वासातून आत जाते आणि काहींच्या फुप्फुसांना कायमची इजा करते. तोंडाला मास्क बांधा, आधी पाणी मारून सगळं नीट भिजवा, मग खरवडून काढा. दम्याच्या माणसाने तर हे काम करूच नये.

आता त्या दोन अंड्यांचं. तार बसवायला बोलावलेला कारागीर म्हणाला, ‘ताई, काढून टाकतो, एका दिवसाचं काम.’ मी नको म्हटलं. अंडी असताना जाळी मारणं म्हणजे पिल्लांना कोंडून मारणं. अठरा-एक दिवसांत अंडी फुटतात आणि पुढे महिन्याभरात पिल्लं उडतात. एवढं थांबायला माझ्याकडे वेळ होता. सकाळी दहाच्या सुमाराला नर यायचा, मादी उठायची, तो बसायचा. दुपार कलली की पुन्हा मादी. पिल्लं निघाल्यावर दोघंही त्यांना गळ्यात तयार होणारं दूध भरवायची. पिल्लाची चोच आईच्या चोचीत पार आत गेलेली मी खिडकीतून रोज बघत होते.

परवा, शाकारणीच्या आदल्या दिवशी, दुसरं पिल्लू उडालं. समोरच्या नारळापर्यंत गेलं, झावळीवर नीट बसता येईना, तसं पलीकडच्या गच्चीच्या कठड्यावर उतरलं. कारागिराला फोन केला. संध्याकाळी त्याने घरटं भिजवून काढलं, फट बंद केली आणि तार ताणली. काल सकाळी तीच जोडी आली. दोनदा उतरायला गेली, दोनदा तार हलली. मग दोघं त्याच कठड्यावर, पिल्लाशेजारी जाऊन बसली.