नाणेघाटातले चेहरे



शहापूर-मुरबाडकडच्या जुन्या घरांत देव्हाऱ्यातले टाक पाहिलेत, तर त्यांत एखादा वीराचा टाक सापडतोच. घोड्यावर बसलेला, हातात तलवार. घरातली आजी सांगते, 'हे आमचे मामंजी.' मामंजींनी उभ्या जन्मात बैलगाडीच हाकलेली असते! सोनाराने चांदीचा पत्रा साच्यावर ठोकला. तोच साचा शेजारच्या घरालाही चालला. टाकावर नाव नसतं, ते घरच्यांच्या तोंडी असतं. तरी मामंजी कोणते, यात कधी घोटाळा होत नाही.

याच मुरबाड तालुक्यातल्या वैशाखऱ्याजवळून नाणेघाटाची चढण लागते. माथ्यावरच्या लेण्यात, सुमारे दोन हजार वर्षांपूर्वी, सातवाहनांनी आपल्या घराण्याच्या मूर्ती एका भिंतीवर ओळीने कोरवून घेतल्या. इथे टाकाच्या उलट झालं. मूर्ती गेल्या आणि वरची ब्राह्मी लिपीतली नावं राहिली: सिमुक, देवी नायनिका आणि सातकर्णी, कुमार हकुसिरी, एक महारठीसुद्धा.

चेहरा हाती लागला म्हणजे प्रश्न सुटतो, असंही नाही बरं का. १९०६ साली नाशिकजवळ जोगळटेंभीला क्षत्रप नहपानाची तेरा हजारांवर चांदीची नाणी सापडली. प्रत्येकावर राजाचं मुख. पण कुठे तो भरल्या गालांचा तरुण, कुठे गाल बसलेला म्हातारा, नाकही निराळंच. ठसा कोरणाऱ्या प्रत्येक कारागिराने आपापला नहपान पाहिला असावा, असं मला वाटतं. त्यांतल्या बहुतेक नाण्यांवर सातवाहनांच्याच गौतमीपुत्र सातकर्णीने पुढे आपली चिन्हं उमटवली, थेट त्या मुखावर! नाणी वितळवायची तसदी घेतली नाही. चांदी तीच राहिली, राजा बदलला.

आणि आपली नायनिका, म्हणजे नागनिका? नाणेघाटाच्या त्याच लेण्यातल्या लांबलचक लेखात यज्ञांची यादी आहे. दक्षिणेत दिलेल्या गाई, हत्ती, घोडे, कार्षापणं मोजून मांडली आहेत. हिशेब चोख, पण रूपाबद्दल अवाक्षर नाही. आज कुणी तिचं चित्र काढायला बसलं, तर कुंचला आपसूक नथीकडे वळेल. आपल्याकडच्या प्राचीन शिल्पांत नथ दिसत नाही. पण नथ काढून टाकली, तर चित्र पाहणारे तिला मराठी मुलखाची राणी म्हणतील का?