खवले मांजर आपल्याच रानात आहे
(प्रभागसंघाच्या मासिक सभेतील बोलणे)



मागच्या सभेत कुणी म्हणालं, "खवले मांजर आता कोकणात कुठं राहिलंय?" राहिलंय. दिवसा बिळात झोपतं, रात्री फिरतं, म्हणून दिसत नाही इतकंच.

नावात मांजर असलं तरी ते मांजर नव्हे. खवले बघून घोरपडीच्या जातीचं म्हणाल, तर तेही नव्हे. ते पिल्लाला दूध पाजतं. मादीला एका वेळी बहुतेक एकच पिल्लू होतं, म्हणून एक मेलं तरी भरून यायला वेळ लागतो. त्याला दात नाहीत. लांब जिभेनं मुंग्या न् वाळवी खातं. कोंबड्यांना त्याचं भय नाही.

खवले औषधी असतात हाही गैरसमजच. आपली नखं ज्याची, तेच त्यात. "लाखो रुपये मिळतील" म्हणत कुणी दारात आलं, तर भुलू नका. १९७२ च्या वन्यजीव कायद्यानं ते मारणं, पकडणं, खवले विकणं गुन्हा आहे. ३ ते ७ वर्षं कैद होते. गटात वर्षानुवर्षं साठवलेली बचत कोर्टकचेरीत जाईल.

अडकलेलं दिसलं तर हात लावू नका, वनविभागाला १९२६ वर फोन करा. आज घरी गेल्यावर पोरांना आणि घरधन्यालाही हे सांगा.