हवा गाळण्याचे यंत्र



कामगार संघटनेचा माणूस व्यासपीठावर उभा राहिला की तो पगाराविषयी, बोनसाविषयी, फार तर संपाविषयी बोलणार अशी श्रोत्यांची समजूत असते. संयोजकांनी मला विषय विचारला तेव्हा मी ‘हवा गाळण्याचे यंत्र’ असे सांगितले, आणि ते क्षणभर माझ्या तोंडाकडे पाहतच राहिले. दुकानात याला एअर प्युरिफायर म्हणतात. हा विषय मी हौसेने घेतलेला नाही, तो माझ्याकडे चालत आला.

माझ्या वडिलांचे एक जुने सोबती आहेत. मुंबईला दोघे एकाच गिरणीत, एकाच खात्यात होते. काका आता ऐंशीला टेकले. साळवी स्टॉपच्या बाजूला हमरस्त्याला लागून असलेल्या इमारतीत, दुसऱ्या मजल्यावर, थोरल्या मुलाच्या कुटुंबात ते राहतात. छातीचे दुखणे गिरणीतून बरोबर आणलेले. धाकटा मुलगा मुंबईत सुरक्षारक्षक आहे. त्याने पै पै साठवून बापाच्या यंत्रासाठी वीस हजार रुपये पाठवले. काकांनी मला बोलावून घेतले आणि जाहिरातींचे पाचसहा कागद पुढे टाकले. म्हणाले, “तू पुस्तकं वाचतोस. यातलं कुठलं घ्यायचं ते सांग. पण आवाज नको रे बाबा. यंत्रांचा आवाज उभा जन्म ऐकलाय.”

मी आठवीपर्यंत शिकलेला माणूस. पुढचे जे काही शिक्षण झाले ते वाचनालयाच्या बाकावर. पोराच्या घामाचे वीस हजार माझ्या शब्दावर खर्च व्हायचे होते, म्हणून मी पुन्हा बाकावर जाऊन बसलो. त्या अभ्यासात जे हाती लागले ते आज आपल्यापुढे ठेवतो.

प्रथम वडिलांची गोष्ट सांगितली पाहिजे, कारण माझे सारे गणित तिथून सुरू होते. गिरणीत गाठी फोडून कापूस पिंजणारी जी पहिली खाती, म्हणजे ब्लो रूम आणि कार्डिंग, तिथे कापसाची बारीक धूळ सर्वांत जास्त उडे. त्या धुळीने जडणाऱ्या रोगाला बायसिनोसिस म्हणतात. त्याची खूण चमत्कारिक आहे. रविवारची सुट्टी घेऊन माणूस सोमवारी कामावर गेला की त्याची छाती आवळते. पुढचे दिवस जरा बरे जातात, पुन्हा सोमवारी तेच. असे काही वर्षे चालते, आणि मग सातही वार सोमवार होतात. वडिलांना गिरणीच्या दवाखान्यात ‘दमा आहे, गूळ खात जा’ असे सांगण्यात आले. आम्ही किलोच्या हिशेबाने गूळ आणला.

१८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला. मी तेव्हा अकरा वर्षांचा होतो. त्या वर्षीच्या पावसाळ्यात घरात दाणा नव्हता, आई दुसऱ्यांची धुणी धूत होती. परंतु वडील रात्री सलग झोपत होते. खोकल्याचा आवाज थांबल्यामुळे मलाच प्रथम झोप लागेना. उपाशी माणसाची छाती मोकळी झाली, ही गोष्ट मी पुढे कितीतरी वर्षे मनात वागवली. औषध तेच, गूळ तोच, खोलीही तीच होती. फरक एवढाच की धूळ नव्हती.

आता कायदा पाहा. १९४८ च्या कारखाना कायद्याचे चौदावे कलम धुळीविषयी होते. आज त्या कायद्याच्या जागी २०२० ची संहिता आली आहे, पण त्या कलमातला विचार जुना होणारा नव्हे. त्याचा आशय असा की, धूळ जिथून निघते त्या जागेच्या शक्य तितक्या जवळ ती ओढून घ्यावी आणि ती जागा होईल तेवढी बंदिस्त करावी. म्हणजे धूळ खोलीभर पसरू द्यायची आणि मग गाळत बसायचे, हा क्रम कायद्यालाही मान्य नव्हता. बायसिनोसिसचे नावही त्याच कायद्याच्या परिशिष्टात होते. कागदावर सगळे होते. पंखे बसवण्याचा खर्च वाचवून गूळ सांगितला गेला, एवढेच.

हे डोक्यात ठेवून मी काकांची खोली पाहायला गेलो. संध्याकाळची वेळ होती. रस्त्याची धूळ येते म्हणून खिडक्या बंद. देव्हाऱ्यात उदबत्ती. स्वयंपाकघरात फोडणी चाललेली, धूर बाहेर जायला पंखा नाही. आणि काकांच्या खाटेखाली डासांची कॉइल जळत होती! मी विचारले, “काका, यंत्र आणल्यावर ही कॉइल कुठे ठेवणार?” ते म्हणाले, “इथंच. यंत्र धूर ओढील की.” हसू नका. असे आपल्यातल्या पुष्कळांच्या घरी चालते. २००३ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात असे मोजले गेले की एका कॉइलमधून निघणारे अतिसूक्ष्म कण ७५ ते १३७ सिगारेटींइतके असतात. ज्या माणसाने जन्मात विडी ओढली नाही, त्याच्या उशाशी ही आतषबाजी! एका हाताने केर काढायचा आणि दुसऱ्या हाताने टाकायचा, असे यंत्र वीस हजारांचे असो की लाखाचे, काय करील?

म्हणून पहिल्या भेटीत मी यंत्राविषयी अवाक्षर काढले नाही. मच्छरदाणी आणायला लावली. स्वयंपाकघरात धूर बाहेर फेकणारा पंखा बसवला. कोरड्या झाडूऐवजी ओला फडका सांगितला. खिडक्यांची वेळ बदलली. हिवाळ्यात पहाटे हवा जमिनीलगत साचून राहते, आणि नेमक्या तेव्हाच आपण ‘सकाळची शुद्ध हवा’ म्हणून खिडक्या उघडतो. दुपारी समुद्रावरून खारे वारे सुटले की त्या उघडाव्यात. आपल्या रत्नागिरीला ही देणगी फुकट आहे. मुंबईची हवा इतकी बिघडली की ३१ ऑक्टोबर २०२३ ला उच्च न्यायालयाला स्वतःहून दखल घ्यावी लागली.

कोणी म्हणतील, पूर्वीची कौलारू घरेच बरी, कौलांच्या फटींतून हवा खेळत असे. खेळत असे खरी. पण त्याच घरात चुलीपुढे बसून माझ्या आजीचे डोळे गेले आणि खोकून खोकून ती वाकली. मला त्या घरांचे गोडवे गाता येत नाहीत.

एवढे केल्यावर यंत्राची गरज उरली का? काकांच्या बाबतीत उरली. रस्ता काही हलवता येत नाही. उन्हाळ्यात शेतातली भाजावळ सुरू झाली की धूर गावावर बसतो, तोही आपल्या हातचा नाही. आणि निरोगी छातीला जे सोसते ते काकांच्या छातीला सोसत नाही. तेव्हा यंत्र घ्यायचे ठरले, पण तिसऱ्या पायरीवर.

हे यंत्र म्हणजे काय? पंखा आणि चाळणी. बाकी सगळी सजावट. चाळणी ‘हेपा’ जातीची हवी. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात अमेरिकेत अणुबॉम्बच्या कामात किरणोत्सारी धूळ अडवण्यासाठी ही जात निर्माण झाली. माणसाचा केस साधारण ७० मायक्रॉन जाडीचा धरला, तर ०.३ मायक्रॉनच्या दहा हजार कणांतले फक्त तीन हिच्यातून निसटतात. ‘हेपासारखी’ असे डब्यावर लिहिले असेल तर ती हेपा नव्हे, हे आपण साजूक तुपाच्या अनुभवावरून ओळखालच.

दुसरी गोष्ट पंख्याची. तासाला किती घनमीटर स्वच्छ हवा मिळते तो आकडा डब्यावर सीएडीआर या नावाने छापलेला असतो. काकांची खोली १२ फूट लांब, १० फूट रुंद, १० फूट उंच. म्हणजे १२०० घनफूट, सुमारे ३४ घनमीटर. तीत काका, काकू आणि नातू असे तिघे झोपतात. जाता जाता सांगतो, जुन्या कारखाना कायद्यात माणशी १४.२ घनमीटर जागा ठरवलेली होती. या हिशेबाने गिरणीतून सुटलेला कामगार घरी येऊन गर्दीतच झोपतो. असो. खोलीतली हवा तासात पाच वेळा गाळली जावी असे धरले तर १७० घनमीटरचा आकडा येतो. ‘चारशे चौरस फुटांना पुरते’ असे विक्रेता सांगतो, पण हवा तासाला कितीदा गाळून, ते सांगत नाही. त्याच्या चौरस फुटांवर जाऊ नका. आपण गुणाकार करा.

आता आवाज. इथे मी स्वतः फसलो आहे, म्हणून जरा रेंगाळतो. दोन वर्षांपूर्वी घरी पत्नीला सर्दी-शिंकांचा त्रास होता म्हणून मी एक लहानसे यंत्र घेतले. डब्यावर हवेचा आकडा खोलीला बरोबर पुरणारा होता आणि आवाजाचा आकडा २५ डेसिबल, म्हणजे पानांच्या सळसळीइतका. घरी लावले तर जोरात ठेवल्यावर एस. टी. घाट चढते आहे असे वाटावे. हळू केले तर शांत, पण शिंका चालूच. तिसऱ्या रात्री पत्नीने उठून बटण बंद केले, आणि बंद यंत्र कितीही कार्यक्षम असले तरी हवा गाळत नाही. मग माझ्या ध्यानात आले. डब्यावरची हवा पूर्ण वेगाची होती आणि आवाज सर्वांत हळू वेगाचा! नोकरीच्या जाहिरातीत पगार ओव्हरटाइमसकट छापावा आणि कामाचे तास मात्र नुसत्या पाळीचे दाखवावेत, तसला हा प्रकार. मी जन्मभर मालकांचे असले तक्ते फाडत आलो, आणि दुकानात जाऊन त्यालाच बळी पडलो.

तेव्हा दुकानदाराला प्रश्न एकच विचारायचा: ज्या वेगाला माणूस झोपू शकतो, त्या वेगाला हवा किती? शयनगृहात रात्री ३० डेसिबलांपलीकडे आवाज नसावा असे जागतिक आरोग्य संघटनेने १९९९ साली सांगितले आहे. पंख्याचा नियमही इथे आपल्या बाजूने आहे. वेग निम्मा केला की हवा निम्मी होते. पण आवाज सुमारे १५ डेसिबलांनी उतरतो, आणि दहा उतरले तरी कानाला तो निम्मा भासतो. वीज तर सिद्धान्ताने आठव्या हिश्श्यावर येते. मोटर स्वतः थोडी खाते म्हणून तेवढी बचत पदरात पडत नाही, तरी पुष्कळ पडते. याचा अर्थ असा की लहान यंत्र जोरात पळवण्यापेक्षा मोठे यंत्र सावकाश चालवावे. माणसाचेही तसेच असते, हे मालकांना पटवण्यात माझी तीस वर्षे गेली.

काकांसाठी म्हणून आम्ही पूर्ण वेगाला ३४० घनमीटर देणारे यंत्र पाहिले, म्हणजे निम्म्या वेगाला १७० मिळतील. निम्म्या वेगाला ते १५ वॅट घेते असे धरा. चोवीस तास चालले तरी महिन्याला सुमारे ११ युनिट. जुना छताचा पंखा ७० ते ७५ वॅट खातो, त्याच्यापुढे हे काहीच नाही. युनिटला दहा रुपये धरले तर महिन्याचे ११० रुपये होतात. खरा खर्च चाळणीचा आहे. ती वर्षा-दीड वर्षाने बदलावी लागते, आणि तिची किंमत विजेच्या वर्षाच्या बिलाहून जास्त असू शकते. यंत्राची किंमत विचारण्याआधी चाळणीची विचारा, आणि ती रत्नागिरीत नाही तर निदान कोल्हापुरात मिळते का तेही विचारा. बाहेरची जाळी दर पंधरा दिवसांनी झाडावी. हेपा चाळणी मात्र कधी धुऊ नये. एका गृहस्थांनी ती साबणाने धुऊन उन्हात वाळवली आणि मोठ्या अभिमानाने मला दाखवली!

या यंत्राला काय जमत नाही तेही सांगतो. वायू त्याला अडवता येत नाहीत. आत कोळशाची पातळ वडी असते, ती थोडा वास मारते इतकेच. गॅसचा गीझर बंद न्हाणीघरात चालवला तर कार्बन मोनॉक्साइडने माणूस दगावतो. तिथे यंत्र नव्हे, उघडी खिडकीच वाचवते. आपल्याकडच्या पावसाळ्यातल्या ओलीवरही ते चालत नाही. भिंतीला बुरशी आली असेल तर गळती शोधा. पावसात बाहेरची धूळ बसलेली असते, तेव्हा यंत्र बंद करून चाळणी कोरडी करावी आणि पिशवीत बांधून ठेवावी, नाहीतर तिच्यावरच बुरशी धरते. आणि हवा ‘ताजी’ करण्यासाठी ओझोन सोडणारे यंत्र फुकट मिळाले तरी दमेकऱ्याच्या खोलीत ठेवू नये. ओझोन छातीला चावतो.

काकांचे यंत्र येऊन तीन महिने झाले. त्यांची फुप्फुसे काही त्याने परत आणलेली नाहीत. दोन जिने चढताना ते अजून दोनदा थांबतात. पण रात्री उठून बसण्याचे कमी झाले आहे, असे काकू सांगतात. यात यंत्राचा वाटा किती आणि मच्छरदाणीचा किती, हे मला विचाराल तर मी मच्छरदाणीला झुकते माप देईन. परवा गेलो तर काका तक्रार करीत होते की यंत्र चालू आहे की बंद हेच कळत नाही. नातू त्याच्या तोंडाशी कागदाची पट्टी धरतो, ती फडफडली की आजोबांना सांगतो, आणि मग दोघे झोपतात. वीस हजारांतून पंखा, मच्छरदाणी आणि यंत्र जाऊन जे उरले, ते पुढच्या चाळणीसाठी काकूंनी डब्यात ठेवले आहेत.

ज्यांना आपल्या खोलीचा असा हिशेब करून हवा असेल, त्यांनी संध्याकाळी सहानंतर आमच्या कचेरीत यावे. येताना लांबी, रुंदी आणि उंची मोजून आणावी, आणि घरात कॉइल जळते की नाही हे खरे सांगावे.