नायकाचा सोबती

चित्रपटगृहांतून बाहेर पडणारा प्रेक्षक नायकाचें नांव घेत घरीं जातो. त्या नायकाच्या शेजारीं उभें राहून ज्यानें त्याला हंसविलें, त्याचें नांव मात्र त्याला क्वचितच ठाऊक असतें. जर्मन साहसपटांतील नट राल्फ वोल्टर हे अशा सोबत्यांचे मुकुटमणि होत.

१९२६ सालीं बर्लिन येथें जन्मलेल्या वोल्टर यांना खरी लोकप्रियता लाभली ती कार्ल मे या कादंबरीकारामुळें. अमेरिकेच्या भूमीवर पाऊल ठेवण्यापूर्वींच मे यांनीं तेथील अरण्यांतील साहसकथा लिहिल्या होत्या. १९६२ सालीं दिग्दर्शक हाराल्ड राइन्ल यांनीं 'चंदेरी सरोवरांतील खजिना' ही त्यांची कथा पडद्यावर आणली, तेव्हांहि अमेरिका दूरच राहिली. चित्रण झालें तें युगोस्लाव्हियांत.

या चित्रपटाचे नायक दोन : एक अमेरिकन लेक्स बार्कर, दुसरे फ्रेंच पिएर ब्रीस. जर्मन प्रेक्षकांना त्यांचे संवाद दुसऱ्याच नटांच्या आवाजांत ऐकूं येत. त्यांच्याबरोबर हिंडणारा सॅम हॉकेन्स मात्र वोल्टर यांच्या स्वतःच्या किनऱ्या आवाजांत बोले. एका चकमकींत डोक्याची कातडी सोलली गेल्यानें टोप घालणारा, बंदुकीला लाडकें नांव देणारा, बडबड्या पण कसलेला असा हा शिकारी. नायकाला भिण्याची मुभा नसते, चुकण्याची नसते, स्वतःवर हंसण्याची तर नसतेच. हीं सारीं माणसासारखीं कामें सोबत्यावर येऊन पडतात.

१९६४ सालीं 'शूट' या चित्रपटांत मे यांच्याच पूर्वेकडील कथांतला हाजी हालेफ ओमर त्यांनीं रंगविला. देश बदलला, वेष बदलला. पण नायक बार्करच आणि त्यांच्या पाठीशीं वोल्टरच!

या यशाची किंमतहि त्यांना द्यावी लागली. १९६१ सालीं बिली वाइल्डर यांच्या 'वन, टू, थ्री'मध्यें त्यांनीं रशियन अधिकारी उभा केला होता. १९७२ सालीं बॉब फॉसी यांच्या 'कॅबरे'मध्यें ते भाडेकरू झाले. तरीहि लोकांच्या लेखीं ते सॅम हॉकेन्सच राहिले. एका टोपाखालीं अनेक भूमिका झांकल्या गेल्या.

बार्कर १९७३ सालीं गेले, ब्रीस २०१५ सालीं. २०२२ च्या ऑक्टोबरांत म्यूनिकमध्यें ९५ व्या वर्षीं वोल्टर निवर्तले, तेव्हां त्या त्रयींतला शेवटचा दुवा निखळला. नायकांमागून चालण्यांत ज्याचा उमेदीचा काळ गेला, तो त्या दोघांच्याहि मागें राहून त्यांची आठवण सांभाळीत होता. सोबत्याचें काम याहून निराळें तें काय असतें?